साखऱ्याची शिट्टी

तिला सगळे कवळीवाली म्हणत. दातांच्या दवाखान्याच्या मागच्या खोलीत तिचं टेबल होतं. पुढे डॉक्टरीणबाई पेशंटच्या तोंडाचा साचा घेत, मागे ही त्यात प्लास्टर ओतून जबडा तयार करी, मेणात एकेक दात बसवी आणि शेवटी मेण काढून त्या जागी गुलाबी हिरडी ओती. हात इतका सफाईचा की लग्नात बायको बदलली तर लोकांच्या लक्षात येईल, पण नवरदेवाचे दात नकली आहेत हे येणार नाही, असं डॉक्टरीणबाई थट्टेनं म्हणत.

स्वभावाने मात्र ती डूख धरणारी. एका शिंप्याने तिचं कापड वाया घालवून वर तिच्याच अंगाला नावं ठेवली होती, तेव्हापासून ती त्याच्या दुकानावरून जाणं टाळून पलीकडच्या गल्लीतून वळसा घालून कामावर जाई. शिंपी मेला, दुकानात चपलांचा धंदा आला, तरी वळसा सुटला नाही. नवरा म्हणे, "अगं, आता कुणावर रागावतेस? चपलांवर?" ती म्हणे, "जागेवर."

नवरा शाळेची बस चालवायचा. शांत माणूस. लग्नानंतर बरीच वर्षं दोघं भाड्याच्या खोलीत राहिली. मुलगी मोठी व्हायला लागली तसं आपलं घर हवं असं वाटू लागलं, आणि नेमक्या त्याच वेळी साखऱ्या घरी येऊ लागला.

साखऱ्या म्हणजे नवऱ्याचा मावसभाऊ. खरं नाव काहीही असो, तोंडात साखर घोळवून बोलायचा म्हणून सगळ्या नात्यात तो साखऱ्याच. नव्या इमारतींच्या दारात टेबल टाकून बसायचा आणि लोकांना बँकेचं गृहकर्ज मिळवून द्यायचा. बोलणाऱ्याची मातीही विकली जाते म्हणतात, याची तर सिमेंटसकट विकली जात होती. त्याने दोघांना तिसऱ्या मजल्यावरचं दोन खोल्यांचं घर दाखवलं. खिडकीतून ऊन येत होतं. नळाला पाणी होतं. मुलगी रिकाम्या खोलीत उगीच गोल गोल फिरत होती.

"दादा, भाडं भरतोस तेवढाच हप्ता," साखऱ्या म्हणाला. "थोडासा जास्त. भाड्याचे पैसे पाण्यात जातात, हे आपल्या भिंतीत जातात."

कवळीवालीने विचारलं, "वीस वर्षांत सगळे मिळून किती जातील, भाऊजी?"

साखऱ्या हसला. खोलीत तेव्हा सासरे होते, धाकटी नणंद होती, बिल्डरचा माणूस होता. सगळ्यांकडे बघत साखऱ्या म्हणाला, "वहिनी, असं कुणी मोजतं का? जन्मभर किती धान्य खाल्लं ते मोजायला बसलं तर माणूस उपाशी मरेल." सगळे हसले. नवराही हसला. तिने मान खाली घातली आणि साखऱ्याने बोट ठेवलं तिथे तिथे सह्या केल्या. पानं बरीच होती आणि बोट भराभर चालत होतं.

पुढची नऊ वर्षं त्या हप्त्याची झाली. महिन्याच्या पाच तारखेला पगारातून तो जाई आणि मग उरलेल्यात घर चाले. मुलीची सहल, नवऱ्याचा चष्मा, गळकी मोरी, सगळं "हप्ता गेल्यावर बघू" या वाक्याच्या मागे रांगेत उभं असे. तक्रार कुणीच केली नाही, कारण घर आपलं होतं.

तक्रार एकाच गोष्टीची होती आणि ती कवळीवालीने कधी बोलून दाखवली नाही. तिची आई दुसऱ्या गावी भावाकडे राहायची. आईचे गुडघे गेले. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन केलं तर चालू लागतील. भाऊ म्हणाला, अर्धे मी घालतो, अर्धे तू घाल. तिने हिशेब केला आणि म्हणाली, "पुढच्या वर्षी." पुढच्या वर्षीही तेच म्हणाली. आई खुर्चीला खिळली. खुर्चीतून पलंगावर आणि पलंगावरून परत खुर्चीत, एवढंच तिचं जग उरलं, आणि एका सकाळी तेही आटोपलं. मरणाआधी फोनवर आई म्हणाली होती, "तुझं घर बघायचं राहिलं गं. तीन जिने आहेत ना?"

वर्षभराने नवऱ्याची बस कंपनी बंद पडली. दुसरीकडे काम लगेच मिळालं, पण जुन्या कंपनीने हिशेब चुकता करताना तीन लाख हातात दिले. नवरा म्हणाला, "कर्जात घालू. निम्मं फिटलंच असेल. उरलेलं हलकं होईल." दोघं बँकेत गेली.

खिडकीवरच्या मुलीने नंबर घातला आणि म्हणाली, "बाकी अठरा लाख वीस हजार."

नवरा म्हणाला, "नाही, आमचं वीस लाखांचं आहे. नऊ वर्षं भरतोय."

"हो, बरोबर. त्यातले अठरा लाख वीस हजार बाकी आहेत."

"मग आम्ही भरले ते कुठे गेले?"

मुलगी मनाने चांगली होती. तिने कॉम्प्युटरचा पडदा त्यांच्याकडे वळवला आणि आवाज खाली घेऊन समजावलं. नऊ वर्षांत त्यांनी पावणेएकोणीस लाख भरले होते. कर्ज घेतल्यावर वर्षभरातच व्याजाचा दर चढला होता. दर चढला की दोन रस्ते असतात, एक हप्ता वाढवायचा, नाहीतर हप्ता तोच ठेवून मुदत वाढवायची. यांच्या अर्जावर मुदत वाढवायची खूण होती. त्यामुळे हप्ता जसाच्या तसा राहिला आणि त्यातला जवळजवळ सगळा व्याजात गेला. मुद्दलाच्या वाट्याला महिन्याला हजार-दोन हजार आले.

"आणि अजून किती वर्षं?" कवळीवालीने विचारलं.

मुलगी जरा घुटमळली. "वीस वर्षं दहा महिने."

घेतलं तेव्हा वीस वर्षांचं होतं. नऊ वर्षं भरल्यावर जवळजवळ एकवीस उरली होती. कवळीवालीने विचारलं, असंच चालू ठेवलं तर एकूण किती होतील. मुलीने आकडे मारले आणि सांगितलं, बासष्ट लाख. वीस लाखांच्या कर्जाचे बासष्ट.

"म्हणजे एक घर आपण घेतलं," कवळीवाली नवऱ्याला म्हणाली, "आणि दोन घरं बँकेला बांधून देतोय."

निघता निघता मुलीने आणखी एक गोष्ट दाखवली. त्या वीस लाखांत एक लाख विम्याचे होते. कर्जातच घालून दिलेले, म्हणजे त्यावरही व्याज चालू. असा काही विमा आपण घेतला आहे हे दोघांनाही ठाऊक नव्हतं. मुलगी म्हणाली, यावर एजंटला कमिशन चांगलं मिळतं.

कवळीवाली घरी न जाता सरळ साखऱ्याच्या टेबलावर गेली. तो एका नव्या इमारतीच्या दारात बसला होता. गिऱ्हाईक नव्हतं. तिने सगळं सांगितलं आणि विचारलं, "मुदतीची खूण कुणी केली? विमा कुणी घातला?"

साखऱ्याने आधी पाणी मागवलं. मग म्हणाला, "हप्ता वाढला असता तर तुम्हालाच जड गेलं असतं, वहिनी. तुमच्या भल्याचंच बघितलं. विमा काय, सगळेच घेतात."

"विचारलं नाहीत."

"आता काय सांगू," साखऱ्या गोड हसून म्हणाला, "सही तर तुमचीच आहे."

ती उठून आली. वाटेत तिला पाणी नको होतं, रिक्षा नको होती, कुणाशी बोलायला नको होतं. आईची खुर्ची डोळ्यांपुढून हलत नव्हती. ऑपरेशनचा तिचा अर्धा वाटा आणि तो विम्याचा एक लाख, यांत फार फरक नव्हता. त्या दिवशी तिने ठरवलं की हे उट्टं काढायचं. कसं काढायचं ते मात्र सुचत नव्हतं. नात्यात बोभाटा करून उपयोग नव्हता, साखऱ्याने सगळ्यांचीच कर्जं करून दिली होती आणि सगळे अजून त्याचे गोडवे गात होते. तिने मूग गिळले आणि वाट बघितली. नवऱ्याने तीन लाख बँकेत नुसते ठेवून दिले, त्याचा आता कशावरच विश्वास उरला नव्हता.

वाट फार बघावी लागली नाही. साखऱ्याच्या हिरड्या केव्हापासून कुजत आल्या होत्या. दर गिऱ्हाइकाबरोबर गोड चहा पिऊन पिऊन वरचे दात हलायला लागले आणि एके दिवशी तो दवाखान्यात येऊन खुर्चीत बसला. डॉक्टरीणबाईंनी वरचे सगळे काढले. साखऱ्याने हे कुणाला कळू दिलं नाही, बायकोखेरीज कुणालाच नाही. महिनाभर "घशाचा त्रास" म्हणून मफलर गुंडाळून घरी बसला. मग मागच्या खोलीच्या दारात येऊन, तोंडावर रुमाल धरून, कवळीवालीला म्हणाला, "वहिनी, हे आपल्यातच ठेवा. घरचं माणूस हातात आहे म्हणून मी निर्धास्त आहे. आणि पैशांचं जरा डॉक्टरांना सांगून बघा ना, घरच्यासाठी काही कमी होत असेल तर."

"सांगते की," ती म्हणाली.

त्याचा जबडा प्लास्टरमध्ये तिच्या टेबलावर आला तेव्हा तिने तो हातात घेऊन उलटसुलट करून पाहिला. या तोंडातून तो शब्द निघाला होता. सही. तिने दात निवडले, मेणात बसवले. मेणाची कवळी तोंडात घालून बघतात तेव्हा सगळं झकास होतं, डॉक्टरीणबाईंनी पसंत केली, साखऱ्याने आरशात तीनदा हसून बघितलं. पुढचं काम तिच्या एकटीचं होतं. वरच्या दातांच्या मागे टाळूवर जो उतार असतो, तिथे जीभ टेकून "स" निघतो. तो उतार तिने दोन्ही बाजूंनी किंचित जाड केला, मधे हवेला बारीक वाट ठेवली. बघणाऱ्याला काही दिसणार नाही. चावायला काही अडणार नाही.

नव्या दातांनी साखऱ्या पहिलं वाक्य बोलला ते दवाखान्यातच. "सगळं व्यवस्थित बसलंय," तो म्हणाला, आणि प्रत्येक "स"ला बारीक, स्वच्छ शिट्टी वाजली.

डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "सुरुवातीला होतं असं. जिभेला सवय होईल."

सवय झाली नाही. सोपा हप्ता, सरळ व्याज, सुरक्षित, स्वस्त, संधी, सवलत. त्याच्या धंद्यात "स"शिवाय पान हलत नव्हतं. "सही इथे करा" म्हटलं की शिट्टी अशी वाजे की बाहेरचा वॉचमन आत डोकावे. गिऱ्हाइकं आधी ओठ चावत, मग एकमेकांकडे बघत, मग "विचार करून सांगतो" म्हणून जात. सासऱ्यांच्या घरी सगळे जेवायला जमले तेव्हा नणंदेच्या मुलांनी ताटावर बसून शिट्ट्यांची नक्कल सुरू केली. कुणीतरी दटावलं, पण दटावणाऱ्यालाच ठसका लागला. साखऱ्या उरलेलं जेवण गप्प राहून जेवला. कवळीवाली त्याला आग्रहाने वाढत होती. गेल्या वर्षभरात तिला अन्न इतकं गोड लागलं नव्हतं.

तो तीन-चारदा दुरुस्तीला आला. ती कवळी घेऊन आत जाई, मशीनचा आवाज करी, थोडं घासल्यासारखं करी आणि परत देई. एकदा बोळक्या तोंडाने बाकावर बसून तो म्हणाला, "अजून किती खेपा, वहिनी?" ती मशीनवरून न उठता म्हणाली, "असं कुणी मोजतं का, भाऊजी?" त्याने चमकून वर बघितलं.

मग नव्या इमारतीच्या दारातलं टेबल बिल्डरने दुसऱ्याला दिलं. त्या आठवड्यात साखऱ्या दुपारी, डॉक्टरीणबाई जेवायला गेलेल्या असताना, मागच्या खोलीत आला. हसू नव्हतं. शिट्टी मारत म्हणाला, "सांगा, हे मुद्दाम केलंय का?"

तिने हात पुसले. "हो. शिट्टी मी घातली आहे. काढायची तर मीच काढू शकते."

"मी डॉक्टरांना सांगेन."

"सांगा. मग मी का केलं तेही सांगेन, त्यांना आणि सगळ्या नात्याला. आणि वरचे दात नकली आहेत हेही." तिने हात पुढे केला. "द्या इकडे. नीट करते. पण आधी आमचं काम करा."

"कसलं काम?"

"ते तुम्हाला माहीत असणार. बँकेत कुठलं दार ढकललं की उघडतं, हे तुमच्याइतकं कुणाला कळतं?"

त्याने दाराबाहेर एकदा डोकावून बघितलं. मग तोंडातून कवळी काढून तिच्या तळहातावर ठेवली, आणि तशाच बोळक्या तोंडाने त्याने जे सांगितलं ते ऐकून तिचं रक्त नव्याने उकळलं. नव्या गिऱ्हाइकांना बँक दीड टक्का कमी दराने कर्ज देत होती. जुन्यांनाही तोच दर मिळतो, एक अर्ज आणि थोडी फी भरली की झालं. पण मागितल्याशिवाय कुणी देत नाही, आणि मागायचं असतं हे कुणी सांगत नाही. विम्याचे उरलेल्या मुदतीचे पैसे परत मिळू शकतात, पण न विचारता घातला होता असं एजंटने लिहून द्यावं लागतं.

"हे तुम्हाला नऊ वर्षं ठाऊक होतं?"

त्याने तोंडावर रुमाल धरला.

"उद्या अकरा वाजता बँकेत या. लिहून द्या."

"माझं काम जाईल, वहिनी. दात तरी द्या उद्यापुरते."

"काम झाल्यावर."

दुसऱ्या दिवशी मॅनेजरच्या टेबलापुढे तिघं बसली. साखऱ्याचा वरचा ओठ आत गेलेला, वयापेक्षा दहा वर्षांनी म्हातारा दिसत होता. मॅनेजर त्याला ओळखत होता, त्यामुळे आधी त्याने साखऱ्याच्या तोंडाकडे बघितलं आणि मग टेबलावरच्या पेनाकडे बघत राहिला. साखऱ्याने बोळक्या तोंडाने सगळं सांगितलं. एकही शब्द नीट उमटत नव्हता, मॅनेजर दर वाक्याला "काय म्हणालात?" विचारत होता आणि साखऱ्याला तेच पुन्हा मोठ्याने सांगावं लागत होतं: न विचारता विमा घातला. न विचारता मुदतीची खूण केली. आजूबाजूच्या टेबलांवरचे लोक ऐकत होते. शेवटी कागद पुढे आला. कवळीवालीने रेघेवर बोट ठेवलं. "सही इथे," ती म्हणाली. तिचा "स" अगदी स्वच्छ होता.

दर उतरला. विम्याचे पन्नास हजार परत आले. ते आणि नवऱ्याचे तीन लाख मुद्दलात घातले, हप्ता सतरा हजारांवरून एकवीस हजार करून घेतला. ओढाताण होणार होती, पण एकवीस वर्षांची आठ झाली. एकूण बासष्टचे साधारण त्रेचाळीस. तरी दुपटीहून जास्तच, हे तिने नवऱ्याला घरी येताना दोनदा ऐकवलं.

नवऱ्याला आनंद झाला होता. साखऱ्या दात न लावता का आला, हे त्याने रस्त्यात विचारलं आणि तिने लपवलं नाही. तो चालता चालता थांबला.

"माणसाच्या तोंडाशी खेळलीस तू," तो म्हणाला.

"तो माझ्या आईच्या गुडघ्यांशी खेळला."

"त्याला आईचं माहीत तरी होतं का?"

"मला माहीत होतं."

दोन दिवस घरात कामापुरतंच बोलणं झालं. तिसऱ्या दिवशी नवऱ्याने नव्या हप्त्याचा कागद कपाटात ठेवताना म्हटलं, "त्या दिवशी तू एकूण किती म्हणून विचारलंस तेव्हा मीही हसलो होतो." ती म्हणाली, "हो. बघितलं होतं मी." मग दोघं जेवायला बसली.

साखऱ्याची कवळी तिने नवी करून दिली, जुनी दुरुस्त न करता. डॉक्टरीणबाईंनी ती उजेडात धरली, मग कपाटातून आधीची कवळी काढून शेजारी ठेवली. "पहिली तू बिघडवली होतीस."

"हो."

"हिचे पैसे तुझ्या पगारातून जातील. आणि पुन्हा असं झालं तर त्या दिवशी घरी जायचं."

तिने मान डोलावली. पैसे गेल्याचं तिला वाईट वाटलं नाही. आयुष्यात जे पैसे गेले त्यांत हेच कशासाठी गेले ते तिला नीट माहीत होतं.

त्या बँकेने साखऱ्याचं नाव काढून टाकलं. चार-सहा महिने तो दिसला नाही. मग कळलं की दुसऱ्या एका बँकेचं काम त्याला मिळालं आहे. कवळी सैल झाली तर तो आता तीन स्टेशनं लांबच्या दवाखान्यात जातो, आणि नात्यात कुठे जेवण असलं तर तिच्या पंगतीला बसत नाही. हे तिला बरं वाटतं. राग गेला का असं नवऱ्याने एकदा विचारलं तर म्हणाली, "आई उठून चालायला लागली का?"

परवा बाजारात भाजी घेऊन येताना एका नव्या इमारतीच्या दारात टेबल दिसलं. साखऱ्या पाठमोरा होता. समोर एक जोडपं बसलं होतं, बाई पोटुशी. साखऱ्या त्यांना समजावत होता. "सगळं सोपं आहे. साधा, सरळ हप्ता. स्वतःच्या घरासारखं सुख नाही." एकही शिट्टी नाही. शब्द कसे मोत्यासारखे पडत होते. कवळीवाली पिशवी हातात घेऊन उभी राहिली. काम तिचंच होतं, फार सुंदर झालं होतं, आणि ते ऐकता ऐकता तिचे दात एकमेकांवर आवळले गेले. तिने पिशवी खाली ठेवली, पदर खोचला आणि त्या पोटुशा बाईच्या शेजारची रिकामी खुर्ची ओढली.